ठसक्याला आवाज असतो

(शहापूर येथे संक्रांतीच्या हळदीकुंकवाला जमलेल्या बचत गटाच्या महिलांसमोर आपल्या भागातल्या एका निवृत्त परिचारिका ताईंनी केलेलं हे भाषण. बोलल्याप्रमाणेच ठेवलं आहे.)



विषय आधीच ठरला होता, पण सुरुवात तुम्हीच करून दिली. आत्ता तीळगूळ वाटताना या काकूंना ठसका लागला. चौघी धावल्या. एकीने टाळूवर थापटलं, एक म्हणाली "वर बघा, वर बघा", एकीने पाण्याचा गडवा तोंडाला लावला, आणि सगळ्या हसत म्हणाल्या, माहेरी कोणीतरी आठवण काढली. काकू जोरजोरात खोकल्या, डोळ्यांत पाणी आलं, आणि झालं. बरं वाटलं ना काकू? पण बाई, त्यांना तुम्ही चौघींनी नाही वाचवलं. त्यांच्या खोकल्याने वाचवलं.

आज मला एवढंच सांगायचं आहे. ठसक्याला आवाज असतो. आवाज आहे म्हणजे हवा जात-येत आहे. तोवर त्या माणसाला खोकू द्यायचं, पुढे वाकून खोकायला सांगायचं, जवळ उभं राहायचं आणि हात आपल्याजवळ ठेवायचे. भीती आवाज बंद झाल्यावर आहे. ज्याची श्वासनळी पूर्ण बुजली तो ओरडत नाही, खोकत नाही, बोलत नाही. डोळे मोठे होतात, हात गळ्याकडे जातो, ओठ काळे-निळे पडायला लागतात. लहान लेकरू असेल तर रडण्यासाठी तोंड उघडतं आणि त्यातून काहीच निघत नाही. पाठ करून आपण स्वयंपाक करत असलो तर आपल्याला कळतही नाही.

मोठ्या माणसाला एकच प्रश्न विचारायचा, "घशात अटकलं का? बोलता येते का?" "हो बाई, अटकलं" असं तोंडाने म्हणाला तर थांबा. नुसती मान हलवली, तर लगेच हात लावा.

आता थोडं आतलं समजून घेऊ. घशाच्या मागे दोन नळ्या आहेत. मागची अन्नाची, समोरची हवेची. हवेच्या नळीवर एक झाकण आहे. आपण गिळतो तेव्हा ते बंद होतं, श्वास घेतो तेव्हा उघडं राहतं. खाताना हसलो, बोललो, पळालो तर झाकण उघडं असताना घास येतो. लहान लेकराची हवेची नळी केवढी? साधारण त्याच्याच करंगळीएवढी. आपल्या घरातल्या दोन वर्षांच्या पोराची करंगळी डोळ्यांसमोर आणा, आणि फल्लीदाण्याची अर्धी डाळ शेजारी ठेवा. शिवाय त्या वयात मागच्या दाढा पुऱ्या आलेल्या नसतात. दाणा दळायला जातं नाही, म्हणून तो अख्खाच मागे जातो.

म्हणून चार-पाच वर्षांपर्यंत फल्लीदाणे, फुटाणे, चिंचोके, सुपारीचं खांड, हे अख्खं हातात द्यायचं नाही. बोरं, सीताफळ द्या, पण बी काढून. दाण्याचा कूट करून भाजीत घाला, पौष्टिकच आहे. द्राक्ष असेल तर उभं चिरून. आणि मंडईतून आणलेला फुगा! फुटलेल्या फुग्याचा रबर लेकराच्या घशावर असा चिकटतो की फुंकरीने हलत नाही. फुगा फुटला की तुकडे आधी गोळा करा, मग पोराला उगी करा.

आता हात कसे लावायचे. सीआरपी ताई, या पुढे, तुम्ही माझ्या पेशंट.

मी बाजूला, जरा मागे उभी राहते. एका हाताने यांची छाती धरते आणि यांना चांगलं पुढे वाकवते. सरळ उभ्या माणसाच्या पाठीवर मारलं तर अडकलेलं आणखी खाली जाऊ शकतं, म्हणून वाकवायचं. दुसऱ्या हाताचा तळवा, म्हणजे मनगटाकडचा जाड भाग, तो खांद्याच्या दोन पात्यांच्या मधोमध जोरात मारायचा. पाच वेळा. प्रत्येक वेळी बघायचं, निघालं का. थापटायचं नाही बाई, मारायचं. नवऱ्यावरचा राग काढायची ही एकच सरकारमान्य जागा आहे.

नाही निघालं? मग पूर्ण मागे जायचं. दोन्ही हात यांच्या पोटाभोवती. एका हाताची मूठ, अंगठ्याची बाजू पोटाकडे, बेंबीच्या वर आणि छातीच्या हाडाच्या खाली, मऊ जागेवर. दुसऱ्या हाताने ती मूठ धरायची, आणि आत व वर असा झटका. आत, आणि वर. असे पाच. मग पुन्हा पाठीवर पाच, पुन्हा पोटावर पाच. वस्तू बाहेर येईपर्यंत, किंवा माणूस खोकेपर्यंत, किंवा बेशुद्ध होईपर्यंत. एक वर्षावरच्या पोरालाही हेच, फक्त आपण गुडघ्यावर बसायचं आणि जोर त्याच्या अंगाच्या मानाने लावायचा.

बाई पोटुशी असेल तर पोट दाबायचं नाही. हात छातीच्या मधल्या हाडावर ठेवून सरळ मागे झटका द्यायचा. खूप जाड माणसाच्या पोटाला आपले हात पुरत नाहीत, त्यालाही असंच. आणि घरात आपण एकटीच असलो तर? खुर्चीची पाठ, खाटेचा काठ, बैलगाडीचं धुरं, जे असेल त्यावर बेंबीच्या वरचा भाग टेकवून अंग झोकून द्यायचं.

पोटावरच्या या झटक्याला डॉक्टर हाइमलिकचं नाव आहे. अमेरिकेतले छातीचे सर्जन. १९७४ साली त्यांनी ही पद्धत छापून प्रसिद्ध केली. पाठीवर मारू नका असं ते आयुष्यभर म्हणत राहिले. आता दोन्ही आलटून पालटून करा असं शिकवतात, तेव्हा मोठ्या डॉक्टरांचंही सगळंच बरोबर असतं असं नाही. पण मला आवडते ती पुढची गोष्ट. २०१६ साली हाइमलिक ९६ वर्षांचे होते आणि ज्येष्ठांच्या निवासात राहत होते. जेवणाच्या टेबलावर शेजारी बसलेल्या ८७ वर्षांच्या आजींच्या घशात मांसाचा तुकडा अडकला. हे उठले, मागे गेले, झटके दिले, तुकडा बाहेर. आजी वाचल्या. म्हणून मागच्या आज्यांनो, तुमच्या हातून होणार नाही असं मला सांगू नका.

आता एक वर्षाच्या आतलं तान्हं. हा टॉवेल गुंडाळला, हे आपलं बाळ. त्याला आपल्या हातावर पालथं घ्यायचं, डोकं छातीपेक्षा खाली. बोटांनी जबडा धरायचा, गळा दाबायचा नाही. आपला हात मांडीवर टेकवला की दम राहतो. पाठीवर तळव्याने पाच थापा. मग उताणं करायचं, डोकं तसंच खाली, आणि छातीच्या मधोमध, दोन स्तनाग्रांच्या रेषेच्या जरा खाली पाच वेळा दाबायचं. आम्हाला नोकरीत दोन बोटांनी दाबायला शिकवलं होतं, आता तळव्याच्या जाड भागाने दाबा म्हणतात, जोर नीट बसतो. तान्ह्याचं पोट कधीच दाबायचं नाही, त्याचं लिव्हर मोठं असतं, इजा होते.

आणि माणूस बेशुद्ध पडला तर त्याला जमिनीवर उताणं झोपवा. एकजण १०८ लावा, फोन स्पीकरवर ठेवा, ते सांगत जातात. छातीच्या मधोमध दोन्ही हातांनी जोरात आणि भराभर तीस वेळा दाबा, मग तोंड उघडून बघा. वस्तू दिसली तर काढा. दिसली नाही तर बोट घालू नका. दोनदा तोंडाने श्वास द्या, पुन्हा तीस. गाडी येईपर्यंत हे थांबवायचं नाही.

बोट घालू नका, हे मी मुद्दाम पुन्हा सांगते. आपली सगळ्यांची पहिली सवय तीच आहे. दिसत नसलेल्या वस्तूला बोट लावलं की ती बुचासारखी आत बसते. पाणी पाजायचं नाही. केळं, भाताचा गोळा भरवायचा नाही. पाय धरून लेकराला उलटं लटकवून झटकायचं नाही. आणि खोकणाऱ्याच्या पाठीवर गुद्दे घालून त्याचा चाललेला श्वास बिघडवायचा नाही.

केळ्याचं बोलले म्हणून एक गोष्ट सांगते. मी एका आरोग्य केंद्रात होते तेव्हाची. तान्ह्या पोळ्याची संध्याकाळ. पोरं लाकडी बैल घेऊन घरोघर फिरतात, कोणी पैसे देतं, कोणी खाऊ. एका घरातल्या मोठ्या भावाला फुटाणे मिळाले. त्याने घरी येऊन चौदा महिन्यांच्या बहिणीला प्रेमाने भरवले. तिचा आवाज गेला. आजीने आधी पाणी दिलं, मग फुटाणा खाली उतरावा म्हणून केळं भरवलं. मग बाप तिला मोटारसायकलवर दोघांच्या मधे धरून आमच्याकडे घेऊन आला. वीस मिनिटं लागली. हवा बंद झाल्यावर चार-पाच मिनिटांत मेंदूला इजा व्हायला लागते. माझ्या हातात ती आली तेव्हा करण्यासारखं काही उरलं नव्हतं. आम्ही केलं, तरी नव्हतं. आजी ओट्यावर बसून एकच विचारत होती, "मी केळं दिलं म्हणून का?" मी नाही म्हटलं. दुसरं काय सांगणार होते? तिला कोणी कधी शिकवलंच नव्हतं. त्या गावात लसीकरणाला मी दर महिन्याला जात होते. मीसुद्धा शिकवलं नव्हतं.

म्हणून गाडी काढायची घाई नको. आवाज बंद असेल तर आधी हात, तिथेच, ओसरीत. १०८ ला दुसरं कोणी फोन करेल. आपल्या शहापूरला मोठा रस्ता आहे, भंडारा जवळ आहे, तरी चार मिनिटांत कुठलाच दवाखाना येत नाही. वस्तू निघाल्यावर मात्र दवाखान्यात जायचंच, कारण पोटावर झटके दिलेल्या माणसाला आतून मार बसलेला असू शकतो.

आता दुसरी गोष्ट, ही माझ्या चुकीची. कधीकधी दाणा घशात अडकत नाही, खाली सरकून फुप्फुसाच्या एका फांदीत जाऊन बसतो. पोरगं खूप खोकतं, लाल होतं, आणि मग एकदम शांत. आपण म्हणतो, गेलं बाई पोटात. ते पोटात गेलेलं नसतं. दाणा तिथे फुगतो, आजूबाजूला सूज येते, आणि आठ-पंधरा दिवसांनी खोकला, ताप, पोट उडणं सुरू होतं. असं अडीच वर्षांचं एक पोरगं आमच्याकडे आलं. आई बोलता बोलता म्हणाली होती, "शेंगा खाताना ठसका लागला होता, तेव्हापासून असंच आहे." मी ऐकलं. केसपेपरवर लिहिलं खोकला, ताप, किती दिवस. ठसका लिहिला नाही. डॉक्टरांनी कागद वाचला आणि निमोनियाची औषधं दिली. बरं वाटे, औषध संपलं की पुन्हा. तीनदा झालं. एक्स-रे काढला, त्यात दाणा दिसत नाही. पैसा दिसतो, दाणा नाही. शेवटी नागपूरला एका डॉक्टरांनी आईला विचारलं, "हे सुरू कधी झालं, त्या दिवशी काय केलं होतं?" दुर्बीण घातली आणि अर्धा दाणा काढला. पोरगं आज कॉलेजात आहे. पण दीड महिना त्याने जे भोगलं ते माझ्या एका न लिहिलेल्या ओळीमुळे.

तेव्हा खाताना ठसका लागला, आणि नंतर खोकला राहिला, छातीत एकाच बाजूला शिट्टी वाजते, किंवा निमोनिया औषधाने जातो आणि परत येतो, तर डॉक्टरला पहिलं वाक्य ते सांगायचं, "साहेब, या तारखेला दाणा खाताना ठसका लागला होता." त्यांनी लक्ष दिलं नाही तर दुसऱ्यांदा सांगायचं. कागदावर लिहायला लावायचं. आणि गोल बटणासारखा सेल, घड्याळातला, खेळण्यातला, गिळला असा नुसता संशय आला तरी त्याच तासाला दवाखाना. तो श्वास बंद करत नाही, पण अन्ननळी आतून जाळतो, दोन तासांतही.

माशाचा काटा वेगळा. आपला तळ्यांचा जिल्हा, काटा कोणाच्या घशात लागला नाही? काटा लागलेला माणूस बोलतो, श्वास घेतो, म्हणजे घाई नाही. पण भाताचा कोरडा गोळा गिळायचा उपाय सोडा, काटा आणखी खोल रुततो. नाक-कान-घशाचे डॉक्टर चिमट्याने काढून देतात.

आता काहीच अडकलेलं नाही, पण घसा आतून सुजला, असंही होतं. ओळखायचं कसं? कान द्या. श्वास सोडताना छातीत शिट्टी वाजते ती दम्याची. श्वास आत घेताना घर्रर्र असा आवाज येतो, नरड्याची खळगी आत ओढली जाते, तो आजार वरच्या वाटेचा. लहान मुलांना सर्दीनंतर रात्री कुत्रं भुंकल्यासारखा खोकला येतो आणि आवाज बसतो, त्यात हे होतं. बरीचशी पोरं बरी होतात, पण शांत बसलेलं असतानाही घर्रर्र आवाज येत असेल तर थांबायचं नाही. आणि लेकरू तापलेलं आहे, पुढे वाकून बसलं आहे, लाळ गिळता येत नाही, ती बाहेर गळते आहे, तर त्याला झोपवू नका, चमचा घालून घसा बघू नका, रडवू नका. आईच्या मांडीवर बसवूनच न्यायचं.

घटसर्प तुमच्या सासूबाईंना विचारा. घशात राखाडी पापुद्रा धरतो, मान सुजते, श्वास कोंडतो. तो गेला असं आपण समजतो, पण तो लसीमुळे दूर राहिला आहे. दीड, अडीच आणि साडेतीन महिन्यांचं पेंटाव्हॅलेंट आपण देतो. पुढचे दोन चुकतात, दीड ते दोन वर्षांतलं आणि पाच ते सहा वर्षांतलं. मग दहा आणि सोळा वर्षांना टीडी. शाळेत टोचायला आले की पोरींना त्या दिवशी घरी ठेवू नका, एवढं करा.

मोहाला, तेंदूपत्त्याला जाणाऱ्या बायांसाठी एक. मधमाशी चावली आणि अंगावर गांधी उठल्या, ओठ-जीभ सुजली, आवाज जड झाला, तर चुना-हळद लावत बसू नका. आरोग्य केंद्रात मांडीत देण्याचं ॲड्रेनलिनचं इंजेक्शन असतं. ते हवं, आणि लवकर हवं.

मोठ्या माणसांचं थोडक्यात. १९६३ साली अमेरिकेत एका डॉक्टराने लिहिलं की हॉटेलात जेवताना एकदम कोसळलेल्या लोकांना हार्ट अटॅक आला असं समजत होते, आणि तपासणीत घशात मांसाचा मोठा तुकडा निघाला. आपल्याकडे लग्नाच्या पंगतीत असंच होतं. माणूस लाजतो. सगळ्यांसमोर नको म्हणून उठून मागे हातपाय धुवायच्या जागी जातो आणि तिथे एकटाच पडतो. पंगतीतून कोणी गळा धरून उठलं तर मागोमाग जा. दारू प्यायलेल्याला, लकवा झालेल्या म्हाताऱ्याला, कवळी बसवलेल्याला धोका जास्त. लकव्याच्या माणसाला झोपवून भरवू नका. बसवा, हनुवटी खाली, घास लहान, आधीचा गिळला का बघून पुढचा. आणि खर्रा खाणाऱ्याचा आवाज तीन आठवडे बसलेला असेल, गिळताना अडकत असेल, हळूहळू श्वासाला आवाज यायला लागला असेल, तर ती सर्दी नाही. घसा तपासून घ्या. नागपूरला मेडिकल आहे, राष्ट्रसंत तुकडोजी कर्करोग रुग्णालय आहे. बायाही खर्रा खातात, माना खाली घालू नका.

विचारा, काय विचारायचं ते.

"जोरात दाबलं आणि बरगडी मोडली तर?" मोडू शकते. बरगडी जुळते बाई, गेलेला श्वास जुळत नाही.

"लेकरू आमचं नसेल, शेजारच्याचं असेल, काही झालं तर आमच्यावर येईल ना?" खरं विचारलं. म्हणूनच हे एकटीने शिकायचं नाही, सगळ्या गटाने शिकायचं. वाड्यातल्या दहाही घरांना माहीत असलं की शेजारीण लेकरू उलटं पाडून का मारते, हे कोणाला सांगावं लागत नाही.

"मोबाईलवर व्हिडिओ आहे, तो बघितला तर चालेल?" बघा. पण बघून हाताला येत नाही. पोळी व्हिडिओ बघून गोल झाली का कोणाची?

"आमचे हे पिऊन येतात आणि मटण न चावता गिळतात." तुकडे बारीक करा ताई. पिणं मी थांबवू शकत नाही, सुरी तुमच्या हातात आहे.

बरं, आता पदर खोचा आणि जोडीजोडीने उभ्या राहा. जागा शोधायची, मूठ कुठे बसते ते बघायचं, झटका मात्र एकमेकींना खरा द्यायचा नाही, आत्ताच जेवण झालं आहे. टॉवेलचं बाळ इकडून फिरू द्या, प्रत्येकीने एकदा पालथं, एकदा उताणं. काकू, तुम्हाला ठसका लागला होता, पहिल्या तुम्ही या.